एकपडद्याची वाटचाल

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या माणसाने एक रुपया दर लावून हलती चित्रे दाखवली, तेव्हा या खेळाला स्वतःचे घर नव्हते. आठवड्याभरात तो नॉव्हेल्टी थिएटरात गेला. तिथे चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत दर ठेवले गेले आणि पडदानशीन स्त्रियांसाठी वेगळी व्यवस्था झाली. पुढची पंधरा-सोळा वर्षे सिनेमा असाच बिऱ्हाड बदलत राहिला. कधी मैदानावर तंबू, कधी नाटक कंपनीने रिकामे केलेले थिएटर, कधी एखाद्या धनिकाच्या वाड्यातला चौक. महाराष्ट्रातल्या चित्रपटगृहांची वाटचाल या भाड्याच्या जागेपासून सुरू होते.

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. या घटनेचे श्रेय फाळक्यांना मिळते ते योग्यच, पण ज्या थिएटरने एका अनोळखी, कर्जबाजारी माणसाच्या चित्राला आपला पडदा दिला त्याची नोंद अभावानेच घेतली जाते. आज कॉरोनेशनची वास्तू उरलेली नाही. पुढे हेच चित्र घेऊन फाळके गावोगाव फिरले. प्रेक्षकांनी दिलेल्या आणे-पैशांची नाणी इतकी जमत की परतताना ती बैलगाडीतून आणावी लागत, असे सांगितले जाते. गावाकडचा प्रेक्षक तेव्हापासून या धंद्याचा पाया आहे.

पुण्यात पहिले कायमचे चित्रपटगृह ७ फेब्रुवारी १९१५ रोजी मंडईजवळ उभे राहिले. बापूसाहेब ऊर्फ गंगाधरपंत पाठक यांचे ‘आर्यन’. मूकपटाच्या काळात थिएटर चालवणे म्हणजे निम्मी नाटक कंपनी सांभाळणे होते. पडद्याखाली पेटी-तबला बसे. मधल्या पाट्या वाचता न येणाऱ्यांसाठी मोठ्याने वाचणारा माणूस ठेवावा लागे. पाठकांनी ही घडी बसवली आणि पुणेकराला ‘सिनेमाला जाणे’ ही सवय लावली. भाडेपट्टा संपल्यावर १९८३ मध्ये आर्यन बंद झाले. त्या जागी आता महापालिकेचा वाहनतळ आहे आणि त्याचे नाव आर्यनच आहे. मंडईत गाडी लावणाऱ्या बहुतेकांना ते नाव कुठून आले हे ठाऊक नसते.

१४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ लागला आणि पडदा बोलू लागला. चार आण्यांचे तिकीट चार-पाच रुपयांना विकले गेले, गर्दी आवरायला पोलीस आणावे लागले. तिकिटांचा काळा बाजार त्या दिवशी जन्मला असे म्हणायला हरकत नाही. मॅजेस्टिक सिनेमाही आता नाही. तरी मराठी वाचकाच्या तोंडी त्याचे नाव रोज असते, कारण केशवराव कोठावळे यांनी जवळच पुस्तकांचे दुकान थाटले तेव्हा थिएटरचेच नाव घेतले. मराठीतल्या एका मोठ्या प्रकाशनसंस्थेचे नाव असे सिनेमाच्या पाटीवरून आलेले आहे.

बोलपटाने थिएटरवाल्यांवर मोठा खर्च लादला. ध्वनीची यंत्रे परदेशी आणि महाग होती. पेटी-तबलावाले एका हंगामात बेकार झाले. ज्यांना यंत्रे परवडली नाहीत त्यांनी टाळे लावले किंवा जागा पुन्हा नाटकाला दिली. मात्र नाटक कंपन्यांचीच तेव्हा पडती बाजू होती, त्यामुळे प्रवाह उलट दिशेने अधिक वाहिला. रंगपटाच्या खोल्या मोडून प्रोजेक्टरची केबिन काढली गेली, रंगमंचाच्या तोंडावर पांढरा पडदा ताणला गेला. पुण्याचे लिमये नाट्य चित्र मंदिर, म्हणजेच विजय टॉकीज, आपल्या नावातच ही दोन्ही घरे सांभाळून आहे.

याच सुमारास प्रभात फिल्म कंपनी कोल्हापूरहून पुण्याला आली. स्वतःची चित्रे स्वतःच्या पडद्यावर दाखवता यावीत म्हणून कंपनीने अप्पा बळवंत चौकाजवळचे, इंदूरच्या सरदार किबे यांच्या मालकीचे थिएटर भाडेपट्ट्याने घेतले. १९३४ मध्ये ते ‘प्रभात’ या नावाने सुरू झाले. स्टुडिओ आणि चित्रपटगृह एका हाती असल्याने प्रभातचे चित्र कुणाच्या दयेवर राहिले नाही. १९३६ चा ‘संत तुकाराम’ मुंबईच्या सेंट्रलमध्ये वर्षभराहून अधिक काळ चालला. एका थिएटरात इतका मुक्काम त्याआधी कुठल्याही भारतीय चित्रपटाने केला नव्हता. पुढे प्रभात कंपनी मिटली, स्टुडिओ सरकारकडे गेला, तिथे फिल्म इन्स्टिट्यूट झाली. थिएटर मात्र कंपनीच्या भागीदारांपैकी दामले यांच्या कुटुंबीयांनी चालू ठेवले आणि ‘प्रभात’ म्हणजे मराठी चित्रपटाचे पुण्यातले हक्काचे घर, ही ओळख टिकवली.

मुंबईत दक्षिणेकडे वेगळ्याच थाटाची चित्रपटगृहे उभी राहत होती. १९३३ मध्ये रीगल, १९३८ मध्ये मेट्रो आणि इरॉस. ही घरे इंग्रजी चित्रांची होती. १९४९ मध्ये हबीब हुसेन यांनी मरीन लाइन्सजवळ ‘लिबर्टी’ उभारले ते याच वस्तीत हिंदी चित्राला तितकाच देखणा दिवाणखाना मिळावा म्हणून. मेहबूब खान यांच्या ‘अंदाज’ने ते उघडले. संगमरवर, सागवान, छतातली दिवाबत्ती या सगळ्यांत मालकाची जिद्द दिसते. स्वातंत्र्य मिळून दोन वर्षे झाली नव्हती आणि थिएटरचे नाव लिबर्टी ठेवले होते.

त्याआधी स्वातंत्र्याची लढाईही थिएटरात शिरली होती. २४ जानेवारी १९४३ च्या रात्री पुण्याच्या लष्कर भागातल्या कॅपिटॉल सिनेमात बॉम्बस्फोट झाला. ब्रिटिश सैनिक इथे इंग्रजी चित्रे पाहायला येत, हे हेरून क्रांतिकारकांनी ही जागा निवडली होती. चार सैनिक ठार झाले. त्यावरचा खटला कॅपिटॉल बॉम्ब खटला म्हणून इतिहासात नोंदला गेला आहे. तेच थिएटर पुढे ‘व्हिक्टरी’ या नावाने शहराला परिचित झाले.

चित्रपटगृह मुंबईचे असो वा तालुक्याचे, त्याला आठवड्याला चित्र पुरवणारी यंत्रणा लागते आणि या यंत्रणेने एक जुना नकाशा जपला आहे. मुंबईत लॅमिंग्टन रोडवरच्या नाझ सिनेमाच्या इमारतीत वितरकांची कार्यालये दाटीवाटीने असत. शुक्रवारी दुपारी निर्माता तिथल्या जिन्यात उभा राहून कलेक्शनचे आकडे ऐके. पण नाझचा शब्द साऱ्या महाराष्ट्रात चालत नसे. पश्चिम महाराष्ट्र आणि कोकण ‘बॉम्बे सर्किट’मध्ये, मराठवाडा ‘निझाम’मध्ये, विदर्भ आणि खानदेश ‘सी. पी. बेरार’मध्ये. १९६० साली राज्य एक झाले, भाषा एक होतीच, परंतु वितरणाचे नकाशे बदलले नाहीत. जळगाव-धुळ्याच्या थिएटरवाल्याला चित्र हवे तर भुसावळला जावे लागे, वऱ्हाडातल्याला अमरावतीला. रेल्वेचे जंक्शन म्हणून भुसावळ महाराष्ट्राला माहीत आहे. चित्रांच्या पेट्यांचे ते एक मोठे ठाणे होते हे थिएटरवाल्यांनाच ठाऊक.

पेटी म्हणजे रिळांची पत्र्याची पेटी. तीन तासांच्या चित्राची रिळे तिच्यात रचून ती एस.टी.च्या टपावरून किंवा रेल्वेच्या पार्सल डब्यातून येई. तिच्याबरोबर अनेकदा वितरकाचा प्रतिनिधी येई. तो थिएटरात मुक्काम करी, डोकी मोजी आणि रात्री बुकिंग क्लार्कने भरलेल्या डीसीआरवर, म्हणजे रोजच्या हिशेबाच्या तक्त्यावर, सही करी. या तक्त्यात प्रत्येक वर्गाची विकलेली तिकिटे, पहिला आणि शेवटचा अनुक्रमांक, करमणूक कर आणि उरलेली रक्कम असे. तिकिटाचा एक पैसाही त्याच्या बाहेर राहू नये अशी अपेक्षा असे. राहत नसे असे मात्र म्हणता येणार नाही. प्रतिनिधी आणि मॅनेजर यांच्यातला हा जुना खेळ पडद्यावरच्या खेळाइतकाच रंगतदार होता.

थिएटरचे खरे हृदय वर, मागच्या भिंतीलगत, ऑपरेटरच्या केबिनमध्ये होते. तिथे दोन प्रोजेक्टर शेजारी-शेजारी. दिव्याच्या घरात दोन कार्बन कांड्या समोरासमोर बसवलेल्या. त्यांची टोके टेकवून जराशी मागे घेतली की मध्ये डोळे दिपवणारी ज्योत पेटे. कांडी जळून आखूड होई तसतशी ती पुढे सरकवावी लागे. अंतर बिघडले तर पडद्यावर चित्र पिवळट पडे आणि खालून शिट्ट्या येत. दोन हजार फुटांचे रीळ वीस-बावीस मिनिटे चाले. ते संपत आले की पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात वरच्या बाजूला क्षणभर एक ठिपका दिसे. पहिल्या ठिपक्याला ऑपरेटर दुसऱ्या यंत्राची मोटर चालू करी, दुसऱ्याला झडप पाडून पडदा त्या यंत्रावर वळवी. प्रेक्षकांना काही कळलेच नाही तर ऑपरेटरचे काम उत्तम झाले म्हणायचे. केबिनमधली उष्णता, कार्बनचा धूर आणि सुरुवातीच्या काळात पेट घेणारी नायट्रेटची फिल्म, या तिन्हींत त्याने नोकरी केली. परवान्यासाठी त्याला सरकारी परीक्षा द्यावी लागे. पगार बेताचाच असे. जुने ऑपरेटर नुसत्या आवाजावरून यंत्राचा कोणता दात झिजला ते सांगत.

ज्या गावांना पक्के थिएटर नव्हते तिथे तंबू पोहोचला. पावसाळा सरला की टुरिंग टॉकीजचे ट्रक बाहेर पडत आणि जत्रांच्या तारखांप्रमाणे त्यांचा मार्ग ठरे. पुसेगावची सेवागिरी महाराजांची यात्रा, म्हसवडची सिद्धनाथाची यात्रा अशा ठिकाणी शेजारी शेजारी तंबू लागत आणि प्रत्येकाचा कर्णा दुसऱ्याच्या वर आवाज काढी. तंबूत पुढे जमिनीवर बसायचे, मागे खुर्च्या. बायकांची बाजू वेगळी. जनरेटर बंद पडला की खेळ थांबे. लोक थांबून राहत, क्वचितच कुणी पैसे परत मागे. तंबूवाल्यांचे हिशेब पावसाळ्याच्या तोंडावर पूर्ण होत आणि पुढचे चार महिने कर्जावर निघत. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी या शेवटच्या तंबूवाल्यांवर केलेला ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ हा माहितीपट २०१६ मध्ये कान महोत्सवात गौरवला गेला. त्यातला एक माणूस मनात घर करतो: स्वतःच्या डोक्याने प्रोजेक्टर बांधणारा आणि बंद पडलेले दुरुस्त करणारा कारागीर. त्याचे यंत्र उत्तम चालते, पण घेणारा कुणी उरलेला नाही.

पक्क्या चित्रपटगृहांचा भरभराटीचा काळ साधारण १९५० पासून तीस वर्षांचा. १९५९ मध्ये अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंदमध्ये लागला तो दोन वर्षे उतरला नाही. मुंबई सेंट्रलसमोर १९५८ मध्ये ‘मराठा मंदिर’ उभे राहिले आणि ५ ऑगस्ट १९६० रोजी तिथे ‘मुगल-ए-आझम’चा पहिला खेळ झाला, चित्राची रिळे हत्तीवरून मिरवत आणली गेली. आगाऊ तिकिटांसाठी लोक घरून डबे मागवून रांगेत बसले. १९७५ मध्ये ग्रँट रोडच्या मिनर्व्हात ‘शोले’ लागला आणि पाच वर्षे राहिला. त्याच वर्षी काळबादेवीच्या एडवर्डमध्ये ‘जय संतोषी माँ’ने प्रेक्षकांना चपला बाहेर काढायला लावल्या. एडवर्डच्या डोअरकीपरांना त्या काळात चित्रपटगृह आणि देऊळ अशी दोन्ही कामे करावी लागली.

मराठी चित्राला मात्र या भरभराटीतही थिएटर मिळवण्यासाठी झगडावे लागले. १९७१ मध्ये दादरच्या कोहिनूरमधून दादा कोंडके यांचा ‘सोंगाड्या’ हिंदी चित्रासाठी काढण्याचा प्रसंग आला. दादा बाळासाहेब ठाकरे यांच्याकडे गेले, शिवसैनिक थिएटरसमोर जमले आणि ‘सोंगाड्या’ राहिला. हा प्रसंग पुढे राजकारणात खूप वाजवला गेला. थिएटरच्या बाजूने पाहिले तर त्यामागे साधे गणित होते. हिंदी चित्राच्या वितरकाशी करार मोडला तर पुढची मोठी चित्रे मिळत नाहीत, आणि दारातला प्रेक्षक मराठी आहे. या कात्रीत महाराष्ट्रातला एकपडदा, म्हणजे एकाच पडद्याचे चित्रपटगृह, कायम सापडलेला आहे. १९७५ मध्ये राज्य सरकारने मराठी चित्रपटांना कर परतावा द्यायला सुरुवात केली तेव्हा निर्मात्याला आधार मिळाला. थिएटरवाल्याच्या वाट्याला त्यातले थेट काही आले नाही.

उलट कर त्याच्याच खिडकीवर गोळा होत होता. १९२३ च्या मुंबई करमणूक शुल्क कायद्यापासून ही वसुली सुरू होती. दर वाढत गेले आणि एक वेळ अशी आली की प्रेक्षकाने दिलेल्या रकमेचा मोठा हिस्सा सरकारजमा होई. तिकिटाचे दर वाढवावेत तर पिटातला, म्हणजे पुढच्या स्वस्त जागांवरचा, प्रेक्षक तुटतो, न वाढवावेत तर खुर्च्यांच्या कुशनलाही पैसे उरत नाहीत. या काळातली अस्वच्छ स्वच्छतागृहे, ढेकणांच्या खुर्च्या, बंद पंखे यांवर प्रेक्षकांनी केलेली टीका रास्त होती. मालकांनी दुर्लक्ष केले हेही खरे. पण दुर्लक्ष करायला भाग पाडणारा हिशेब डीसीआरवर रोज लिहिला जात होता.

१९८२ पासून एकामागून एक तडाखे बसले. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत गिरणी संप सुरू झाला आणि लालबाग-परळचा प्रेक्षक, जो पगाराच्या दिवशी रांगेत उभा राहत होता, तो गावी गेला. त्याच वर्षी दिल्लीच्या आशियाई खेळांबरोबर रंगीत दूरदर्शन आले, मागोमाग व्हिडिओ. तालुक्याच्या गावी एका खोलीत दोन रुपयांत नवा चित्रपट दिसू लागला. १९८७ मध्ये ‘रामायण’ सुरू झाल्यावर रविवारचा सकाळचा खेळ ठेवून उपयोग नव्हता. तरी १९९१ च्या ‘माहेरची साडी’ने बायकांना पुन्हा थिएटरात आणले; गाड्या करून, डबे घेऊन. १९९४ मध्ये लिबर्टीत ‘हम आपके हैं कौन’ लागला आणि शंभराहून अधिक आठवडे राहिला. हबीब हुसेन यांच्यानंतर हे घर सांभाळणारे त्यांचे पुत्र नाझीर हुसेन यांनी त्या काळात लिबर्टीचा थाट उतरू दिला नाही. २०१९ मध्ये त्यांचे निधन झाले.

१२ मार्च १९९३ च्या स्फोटमालिकेत दादरचे प्लाझाही होते. व्ही. शांताराम यांच्या या थिएटरच्या आवारात माणसे मेली, इमारत मोडली. ती पाडून टाकण्याचा मार्ग सोपा आणि फायद्याचा होता. शांताराम कुटुंबाने ती दुरुस्त केली आणि काही वर्षांनी पडदा पुन्हा उघडला. मराठी चित्रपटाला दादरमध्ये आजही जागा आहे ती या निर्णयामुळे. लालबागचे भारतमाता गिरणीच्या जमिनीवर उभे होते. गिरण्या गेल्या, जमिनीवरचा हक्क सांगणारे बदलले, थिएटर रिकामे करण्याच्या नोटिसा आल्या. तेव्हा कामगारांची मुले, कलावंत आणि चालक एकत्र उभे राहिले. कमी दरात मराठी चित्रपट दाखवणारे हे घर त्यामुळे तगले.

मराठा मंदिरचे प्रकरण जगात कुतूहलाचे ठरले. २० ऑक्टोबर १९९५ रोजी प्रदर्शित झालेला ‘दिलवाले दुल्हनिया ले जाएंगे’ तिथे सकाळी साडेअकराच्या खेळाला ठेवला गेला. समोर रेल्वे स्थानक, शेजारी एस.टी. आगार. गाडीला वेळ असलेला प्रवासी, सुट्टीचा कामगार, पळून आलेले जोडपे, सगळ्यांना बराच काळ पंधरा-वीस रुपयांत तीन तासांचा गारवा मिळे. १२ डिसेंबर २०१४ रोजी एक हजार आठवडे पूर्ण झाले. फेब्रुवारी २०१५ मध्ये खेळ थांबवल्याचे जाहीर होताच इतके लोक हळहळले की तो पुन्हा सुरू करावा लागला. थिएटरचे सूत्रधार मनोज देसाई वांद्र्याचे गेईटी-गॅलेक्सीही चालवतात. ट्रेड पंडित आणि वार्ताहर चित्राची नाडी पाहायला आजही त्यांच्या दारी जातात, कारण तिथला प्रेक्षक न आवडलेले चित्र सभ्यपणे सहन करत नाही.

२००१ पासून राज्याने मल्टिप्लेक्सना करमणूक करात सूट दिली: पहिली तीन वर्षे पूर्ण, पुढची दोन वर्षे अंशतः. नवी गुंतवणूक यावी हा हेतू. परंतु एकाच रस्त्यावर एक दुकान कर भरते आहे आणि समोरच्याला माफी आहे, ही स्पर्धा नव्हे. ज्याला कर परवडत होता त्याला सूट मिळाली. पुढच्या दोन दशकांत मिनर्व्हा गेले, कोहिनूरच्या जागी नक्षत्र मॉल आला, २०१९ मध्ये दादरचे चित्रा बंद झाले. जिल्ह्याच्या गावी कित्येक थिएटरांची गोदामे किंवा मंगल कार्यालये झाली. पाडलेल्या थिएटरच्या जागी थिएटर ठेवावेच लागेल, या अटीमुळे काही मालक ना चालवू शकले ना विकू शकले. बंद फाटक आणि गंजलेली पाटी अशी दृश्ये त्यातून तयार झाली. अट चांगल्या हेतूची आहे. तिने एखादे थिएटर वाचवले असेल, पण बरीच नुसती अडकवून ठेवली.

याच काळात रीळ गेले. २००५ नंतर उपग्रहावरून आणि हार्ड डिस्कवरून चित्र पोहोचू लागले आणि दशकभरात कार्बनच्या कांड्या, पेट्या, भुसावळच्या फेऱ्या संपल्या. लहान थिएटरला याचा मोठा लाभ झाला. पूर्वी मुंबईत लागलेले चित्र तालुक्याला पोहोचेपर्यंत प्रिंट घासून घासून पावसाच्या रेघांनी भरलेली असे, आता शुक्रवारी सगळीकडे एकदम. मात्र यंत्र भाड्याचे, जाहिराती यंत्र देणाऱ्या कंपनीच्या आणि चावी दुसऱ्याच्या हाती. केबिनमध्ये तीन माणसांच्या जागी एक उरला. जुने ऑपरेटर काही ठिकाणी डोअरकीपर म्हणून राहिले. मालकाने त्यांना काढले नाही एवढेच.

२०१४ च्या अखेरीस पुण्याच्या प्रभातचा भाडेपट्टा संपला आणि वास्तू किबे कुटुंबाकडे परत गेली. ऐंशी वर्षांचा मुक्काम आटोपताना दामले कुटुंबीयांनी ती रीतसर सोपवली. मॉल होणार, अशी चर्चा शहरात झाली. तसे झाले नाही. नव्या चालकांनी डागडुजी करून ‘किबे लक्ष्मी’ या नावाने पडदा पुन्हा उघडला आणि मराठी चित्रपट तिथे लागत राहिले. भाडेकरू आणि मालक दोघांनीही थिएटर हे थिएटरच राहावे असे ठरवल्याची उदाहरणे फार नाहीत, म्हणून या हस्तांतराची नोंद महत्त्वाची.

२९ एप्रिल २०१६ रोजी नागराज मंजुळे यांचा ‘सैराट’ आला. साताऱ्याकडे रहिमतपूरच्या थिएटरात मध्यरात्री आणि पहाटे तीनला खेळ लावावे लागले. ट्रॅक्टर-ट्रॉलीतून आलेला प्रेक्षक गाण्यांना पडद्यापुढे नाचला. ग्रामीण एकपडदा संपला असे लिहिणाऱ्यांना त्या उन्हाळ्यात गप्प बसावे लागले. १ जुलै २०१७ रोजी करमणूक कर जाऊन जीएसटी आला. शंभर रुपयांपर्यंतच्या तिकिटावर आधी १८ टक्के, २०१९ पासून १२ टक्के. ३० जून २०१८ रोजी युनेस्कोने मुंबईच्या व्हिक्टोरियन आणि आर्ट डेको वास्तुसमूहाला जागतिक वारसा ठरवले, त्यात रीगल आणि इरॉस आहेत. वारशाच्या प्रमाणपत्राने वीजबिल भरता येत नाही, ही थिएटरवाल्यांची त्यावरची कोरडी प्रतिक्रिया होती.

मार्च २०२० मध्ये कोरोनाच्या साथीत सगळेच बंद झाले. ५ नोव्हेंबरला निम्म्या क्षमतेने उघडले, एप्रिल २०२१ मध्ये पुन्हा मिटले आणि २२ ऑक्टोबर २०२१ ला परत उघडले. या काळात मोठ्या कंपन्यांनी कर्ज उभारले. एकपडद्याच्या मालकांनी दागिने, शेत, कॅन्टीनचा ठेका जे होते ते वापरले. मालमत्ता कर आणि विजेचा स्थिर आकार बंद थिएटरलाही लागू राहिला. पडद्याला बुरशी धरू नये म्हणून कित्येक ठिकाणी कर्मचारी आठवड्यातून एकदा येऊन पंखे लावत आणि प्रोजेक्टर रिकामाच तासभर चालवत. उंदरांनी कुरतडलेल्या तारा आणि खुर्च्या उघडण्याच्या आधी दुरुस्त कराव्या लागल्या. काही थिएटरे त्यानंतर उघडलीच नाहीत.

जी उघडली त्यांना २०२३ मध्ये ‘बाईपण भारी देवा’ने मंगळागौरीच्या साड्या नेसलेले गट दिले आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये ‘छावा’ने भगवे फेटे. २२ सप्टेंबर २०२५ पासून शंभर रुपयांपर्यंतच्या तिकिटावरचा जीएसटी ५ टक्के झाला. मल्टिप्लेक्सच्या दरात याचा फरक पडत नाही. सत्तर-ऐंशी रुपयांच्या बाल्कनीला पडतो, आणि करव्यवस्थेने बऱ्याच काळानंतर एकपडद्याच्या दराकडे पाहून केलेला हा बदल आहे.

आज तालुक्याच्या थिएटरात मालकाची तिसरी पिढी बहुधा बसलेली आढळते. हजार खुर्च्यांचे घर भरत नाही म्हणून त्यांनी बाल्कनी वेगळी करून दुसरा छोटा पडदा काढला आहे, खाली तीनशे पुशबॅक खुर्च्या बसवल्या आहेत, पिटाच्या जागी मोकळी जागा सोडली आहे. एकपडदा म्हणवणारे घर अशा वेळी दोन पडद्यांचे होते. मालक मात्र तोच असतो, गावही तेच. गुरुवारी रात्री ऑपरेटर संगणकावर चित्र उघडणारी डिजिटल चावी आली का ते तपासतो. ती न आल्यास तो मुंबईला फोन करतो, आणि बुकिंग क्लार्क खिडकीवर ‘बाराचा खेळ साडेबाराला’ असा कागद चिकटवून तिकिटे विकायला बसतो.